आपलेच शब्द

अमेरिकेतील ‘मीट द प्रेस’ ह्या दूरचित्रवाणी कार्यक्रमाचे १९९१ पासून २००८ साली मृत्यू येईपर्यंत सूत्रधार असलेले टिम रसर्ट हे बफेलो शहरातील एका सफाई कामगाराचे पुत्र व येशूसंघीयांचे विद्यार्थी. राजकीय नेत्याचे जुने वक्तव्य पडद्यावर दाखवून, आजच्या भूमिकेशी त्याचा मेळ कसा घालावा, असे ते विचारीत. त्यांच्या अंत्यविधीस अध्यक्षपदाचे प्रतिस्पर्धी ओबामा व मॅकेन शेजारी बसले होते.

पापनिवेदनापूर्वीच्या आत्मपरीक्षणाचेच हे चव्हाट्यावरील रूप नव्हे काय? आमचीच गतवर्षीची प्रवचने कोणी आमच्यापुढे धरली तर? क्षमेवर आम्ही पुष्कळ बोललो. मात्र दुखावलेल्या एका बांधवाच्या दारी अद्याप गेलेलो नाही. प्रभू आम्हांस तेवढे बळ देवो.