उन्हाळी आणि ‘इतर’ नावाचा खण

आमच्याकडे लघवीला जळजळ व्हायला लागली की ‘उन्हाळी लागली’ म्हणतात. उपायही ठरलेले: धन्या-जिऱ्याचं पाणी, सब्जा, ताक, आणि उन्हात फिरू नकोस. कारण शब्दातच सांगून टाकलेलं असल्यामुळे पुढे कुणी काही विचारत नाही. माझ्या मावसबहिणीला ही उन्हाळी सहा वर्षं लागत होती. तेही राजूरला, जिथे आषाढ-श्रावणात चार-चार दिवस कपडे वाळत नाहीत आणि भरदुपारी दिवा लावावा लागतो.

दवाखान्यात त्या शब्दाचं फक्त भाषांतर झालं: ‘यूटीआय’, म्हणजे मूत्रमार्गाचा जंतुसंसर्ग. ताईच्या प्लास्टिकच्या पिशवीत वेगवेगळ्या दवाखान्यांचे कागद होते आणि बहुतेकांवर हीच तीन अक्षरं. दोनदा लघवीचं कल्चर झालं, दोन्ही वेळा ‘जंतूंची वाढ नाही’ असा रिपोर्ट आला. तरी दर वेळी अँटिबायोटिकचा पाच दिवसांचा कोर्स मिळायचा, आणि पाच दिवसांनी तिला खरंच बरं वाटायचं. कारण तोवर पाळी संपलेली असायची. औषध लागू पडतंय, असं सगळ्यांनाच वाटत राहिलं. ताईलासुद्धा.

शेवटी नाशिकच्या एका डॉक्टरबाईंनी वेगळा प्रश्न विचारला: “त्रास महिन्याच्या कुठल्या तारखांना होतो?” ताईनं राजूरला परत येऊन फडताळ रिकामं केलं. जुन्या कालनिर्णयची पानं तिनं तिथे डब्यांखाली अंथरली होती. प्रत्येक पानावर दुधाचे खाडे, पाळीची बारीक फुली, आणि ‘दवाखाना ३००’, ‘दवाखाना २५०’ असा हिशेब. फुली आणि दवाखाना एक-दोन दिवसांच्या अंतरानं, महिन्यामागून महिने. पुढच्या खेपेला ती हळदीचे डाग पडलेली ती पानं घेऊन गेली. मग मूत्राशय अर्धवट भरलेलं असताना सोनोग्राफी झाली, नंतर एमआरआय. निदान: मूत्राशयाचा एंडोमेट्रिऑसिस.

या आजारात गर्भाशयाच्या अस्तरासारख्या पेशी गर्भाशयाबाहेर वाढतात. पाळीच्या संप्रेरकांना त्या तिथेही प्रतिसाद देतात; सूज येते, रक्त साकळतं, व्रण होतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जननक्षम वयातल्या सुमारे १० टक्के, म्हणजे १९ कोटी स्त्रियांना आणि मुलींना हा आजार आहे. तो मूत्रसंस्थेपर्यंत क्वचित पोचतो, पण पोचलाच तर बहुतेकदा मूत्राशयावर. तिथे तो बाहेरून आत वाढतो, म्हणून मूत्राशयात दुर्बीण घालूनही काही दिसेलच असं नाही. लघवीत रक्तही थोड्याच जणींना दिसतं.

हे सगळं मी वाचलं ते ताईसाठी, पण नाव ऐकताक्षणी माझ्या डोळ्यांपुढे आला तो एक कोड. इंजिनिअरिंग संपवून मी पुण्यात ज्या सॉफ्टवेअरवर काम करते, ते अमेरिकी रुग्णालयांच्या जुन्या नोंदी नव्या कोडांमध्ये बसवतं. तिथे २०१५ च्या सप्टेंबरपर्यंत आयसीडीची नववी आवृत्ती चालायची. तिच्यात या आजाराला ६१७.८ हा कोड होता: ‘इतर ठिकाणचा एंडोमेट्रिऑसिस’. मूत्राशय, फुप्फुस, बेंबी, सगळं त्या एकाच खणात. दहाव्या आवृत्तीत खणाचं नाव बदलून एन८०.८ झालं, पण अर्थ ‘इतर’ हाच राहिला. १ ऑक्टोबर २०२२ ला अमेरिकेनं आपल्या यादीत मूत्राशयासाठी स्वतंत्र कोड आणले: वरवरचा असेल तर एन८०.ए१, खोलवर गेलेला असेल तर एन८०.ए२, खोली नोंदलेली नसेल तर एन८०.ए०.

आमच्या कामात याची एक अडचण असते. ए२ चं ‘इतर’ करायला एक ओळ पुरते. ‘इतर’चं ए२ कुठल्याही प्रोग्रॅमला करता येत नाही. एकदा ‘इतर’ लिहिलं की मूत्राशय की बेंबी, ही माहिती त्या नोंदीतून कायमची जाते. ती परत हवी असेल तर डॉक्टरच्या मूळ टिपणाकडे जावं लागतं. ताईच्या बाबतीत ते मूळ टिपण डब्यांखाली होतं.

ही यादी मुळात मरणाची आहे, हेही मला कामाच्या निमित्तानंच कळलं. १८९३ मध्ये बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाची जी यादी मान्य झाली, ती मृत्यूच्या कारणांची होती. माणूस मरत नाही पण दर महिन्याला अंथरुणाला खिळतो, अशा आजारांना तिच्यात रीतसर जागा मिळाली ती १९४८ च्या सहाव्या आवृत्तीत. एंडोमेट्रिऑसिसनं सहसा कुणी मरत नाही. ज्याची मोजणी मरणापासून सुरू झाली, त्या वहीत ताईचा नंबर उशिरा लागणारच होता.

भारतात जागतिक संघटनेची दहावी आवृत्ती वापरली जाते, म्हणजे ताईची नोंद झालीच तर ‘इतर’मध्ये. ‘स्नोमेड सीटी’ नावाची याहून बारकाईची शब्दावली २०१४ पासून भारतात मोफत आहे, आणि तिचं इथलं काम माझ्याच शहरातल्या सी-डॅकमधून चालतं. तिच्यात मूत्राशयाच्या एंडोमेट्रिऑसिसला स्वतःची संज्ञा आहे. म्हणजे शब्दाची वानवा नाही. पण त्या शब्दापर्यंत पोचायला आधी कुणीतरी तारीख विचारावी लागते, आणि राजूरच्या बाईला तो प्रश्न ऐकायला घोटीमार्गे नाशिकपर्यंत जावं लागलं.

डॉक्टरबाईंनी ताईच्या फाइलवर निदान हातानं लिहिलंय, कोड कुठेच नाही. सध्या रोज एक डायनोजेस्टची गोळी चालू आहे. तिनं भागलं नाही तर मूत्राशयाचा तेवढा भाग काढावा लागेल. ताई अजून ऑपरेशनला तयार नाही. लावणीच्या दिवसांत तर नाहीच, म्हणते. गोळीमुळे पाळी थांबली आहे. यंदाच्या कालनिर्णयवर फक्त दुधाचे खाडे आहेत, आणि महिन्यातून एकदा ‘गोळ्या’ असं लिहून पुढे रक्कम. दवाखान्याच्या आकड्यापेक्षा ती मोठी आहे.