शेवटचा थांबा

नाशिकरोड म्हणजे नाशिक नव्हे, हें ज्ञान रेल्वेनें येणाऱ्या प्रत्येक नवख्या पाहुण्यास स्टेशनाबाहेर पाऊल टाकतांच होतें. १८६० च्या दशकांत ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेचा मार्ग थळघाट चढून इकडे आला, पण नगरांत न शिरतां आग्नेयेस सुमारें पांच मैलांवरून मनमाडकडे निघून गेला. गोदास्नानास आलेला यात्रेकरू अशा रीतीनें तीर्थाच्या उंबऱ्यापाशीं येऊन अडून राही.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ही गैरसोय ट्रामगाडीनें दूर केली. आरंभीं तिचे डबे घोडे ओढीत. मुंबईंत अशी ट्राम १८७४ पासूनच होती. परंतु मुंबईची ट्राम शहरांतल्या शहरांत माणसें हलवी, तर नाशिकची ट्राम शहराची रेल्वेशीं गांठ घालून देई. मेनरोडवर जुन्या नगरपालिकेच्या इमारतीपाशीं ती येऊन थांबे. या थांब्याचें मोल आमच्या मतें मोठें होतें. तेथून भद्रकाली जवळ, सराफबाजार जवळ, आणि बोचकें खांद्यावर टाकून चालूं लागलें कीं गोदेचा घाटहि जवळ. टर्मिनसची थोरवी त्याच्या कमानींत वा घड्याळांत नसते. तेथें उतरल्यावर पुन्हां दुसरें वाहन शोधावें लागतें कीं नाहीं, यांत ती असते.

१९३० नंतर थोड्याच वर्षांत ही ट्राम बंद पडली. मुंबईची ट्रामहि ३१ मार्च १९६४ रोजीं थांबली. पण दादरच्या खोदादाद सर्कलला लोक अद्याप 'दादर टी. टी.' म्हणतात. त्या दोन अक्षरांचा अर्थ 'ट्राम टर्मिनस' असा आहे, हें पुष्कळांस ठाऊक नसलें तरी नांव टिकलें आहे. नाशिकच्या बोलण्यांत तेवढीहि खूण उरली नाहीं. येथें एके काळीं ट्राम होती असें वर्गांत सांगितलें, तर आम्ही विनोद करीत आहों असें समजून विद्यार्थी हंसतात.

गेलेल्या ट्रामचा शोक करण्याचा आमचा हेतु नाहीं. २०२१ च्या केंद्रीय अर्थसंकल्पांत नाशिकच्या 'मेट्रो निओ'साठीं २,०९२ कोटी रुपयांची घोषणा झाली. रबरी चाकांचीं, वरच्या तारेंतून वीज घेणारीं वाहनें उंच मार्गावरून धांवावयाचीं, अशी ती योजना. घोषणेनंतरचीं वर्षें कागदांतच गेलीं. चर्चा आमच्या कानीं आली ती खांबांची आणि खर्चाची. शेवटच्या थांब्यावर उतरून माणूस पुढें कसा जाणार, हें विचारणारे थोडे.

आमची ऐंशी वर्षांची आत्या मुंबईहून येत असे. नाशिकरोडपर्यंतचा प्रवास ती खिडकीशीं बसून आनंदानें करी. तिची परीक्षा पुढें असे. शहरांतली बस होती, पण पायरी उंच आणि गर्दी दाट. रिक्षा होती, पण भाड्याची घासाघीस तिला सोसत नसे. गेल्या दिवाळींत तिनें निरोप धाडला, "आतां माझ्यानें होत नाहीं रे, तूंच येत जा." शंभरांहून अधिक मैलांनीं तिला थकविलें नाहीं, शेवटच्या पांचांनीं थकविलें.

नवा मार्ग आंखणाऱ्यांनीं नकाशावर शेवटचा ठिपका देण्यापूर्वीं एवढेंच पाहावें, कीं अशा आत्याबाईंस तेथून घरापर्यंत चालत जातां येईल काय. जुन्या ट्रामला तें साधलें होतें.