प्रार्थनाकीटकाच्या घराचे छत

पुढचे काटेरी पाय छातीशी घेऊन दबा धरणारा हिरवा प्रार्थनाकीटक घरी पाळावयाचा झाल्यास त्याच्या निवाऱ्याचा विचार छतापासून सुरू करावा लागतो. कारण हा शिकारी कीटक बराच काळ उलटा लटकलेला असतो आणि कात, म्हणजे वाढत्या शरीराला अपुरे पडू लागलेले बाह्य कवच, तो त्याच स्थितीत टाकतो. कवचातून खाली सरकताना तळ आड आला तर मऊ पाय कायमचे वाकडे होतात, म्हणून निवाऱ्याची उंची कीटकाच्या लांबीच्या निदान तिप्पट ठेवतात.

बऱ्हाणपुरातील एका मराठी घरात श्रावणात कढीपत्त्यावर सापडलेल्या पिल्लासाठी केळीच्या वेफर्सची रिकामी बरणी घेण्यात आली. झाकणाचा मधला भाग कापून तेथे मच्छरदाणीचे कापड ताणून चिकटवले, त्यामुळे हवा खेळती राहिली आणि नख्यांना पकडही मिळाली. तळाशी ओलसर काथ्या पसरला, एक खडबडीत काडी तिरपी उभी केली आणि छताखालची जागा मोकळी ठेवली. दुसरे पिल्लू सोबतीला ठेवण्याचा मोह टाळणेच इष्ट, कारण ही जात सोबत्यालाच खाते.

केळीच्या या जिल्ह्यात अन्नाची चिंता फारशी नसते: पिकलेल्या साली बाटलीत ठेवल्या की चिलटे आपोआप जमतात, आणि पिल्लाला हलणारे भक्ष्यच दिसते व रुचते. पुढे माश्या व लहान नाकतोडे दिले, मात्र कपाशीच्या शेतातले किडे फवारणीच्या विषामुळे वर्ज्य मानले. पाण्याची वाटी ठेवली नाही. बरणीच्या भिंतीवर फवारलेले थेंब ते चाटून घेई. त्याच्या डोळ्यातला काळा ठिपका सतत पाहणाऱ्याकडेच वळलेला भासतो, पण ती खरी बाहुली नसून संयुक्त डोळ्याचा, म्हणजे असंख्य सूक्ष्म नेत्रिकांनी बनलेल्या डोळ्याचा, प्रकाशीय आभास असतो. तरीही पाळणाऱ्याला त्यातून ओळख वाटू लागते, हे नाकारण्यात अर्थ नाही.

शेवटच्या कातेआधी पाठीवरचे पंखांचे कोंब फुगले, अन्न नाकारले गेले आणि बरणीतली उरलेली माशी तातडीने काढून घेण्यात आली, कारण त्या अवस्थेत भक्ष्यही शिकाऱ्याला इजा करू शकते. छातीच्या पाठीवर कवच उभे चिरले, डोके व छाती बाहेर आली, मग म्यानातून पाते निघावे तसे लांब पाय सुटले. पोटाचे टोक तेवढे जुन्या कवचात अडकवून कीटक निश्चल लोंबकळत राहिला आणि पाय ताठ होताच वर वळून त्याने जाळी धरली. चुरगळलेले पंख शरीरद्रवाच्या दाबाने हळूहळू उलगडले. पोटाखाली सहाच वलये दिसत असल्याने ती मादी ठरली. नराला आठ असतात.

पंख फुटल्यावर पुन्हा कात नसते. पुढे तिने जाळीवरच फेसाळ अंडीकोश चिकटवला, जो सुकून टणक झाला, आणि तो खरवडून काढण्याऐवजी बरणीला नवे झाकण बसवण्यात आले.