भुवनगिरीच्या खडकावर एक दिवस

हैदराबादेत तीन पिढ्या काढलेल्या आम्हां मराठी मंडळींची एक गंमत आहे. कोणी ‘किल्ला’ म्हटले की आमच्या डोळ्यांपुढे रायगड, सिंहगड, प्रतापगड उभे राहतात. उन्हाळ्याच्या सुटीत पुण्या-साताऱ्याच्या नातलगांकडे जाऊन आम्ही ते पाहूनही येतो. परंतु काचीगुड्याहून अवघ्या पन्नासएक किलोमीटरांवर, वरंगळच्या हमरस्त्यालगत, एक अखंड शिळा ५०० फुटांहून अधिक उंच उभी आहे आणि तिच्या माथ्यावर किल्ला आहे, हे आमच्यांतल्या निम्म्या लोकांनी आगगाडीच्या खिडकीतूनच काय ते पाहिलेले असते. आम्हीही त्यांतलेच. काझीपेठेच्या बाजूला जाता-येता ‘ते पाहा भोनगीर’ एवढे म्हणून आम्ही दशम्यांचा डबा उघडीत असू.

हे पाप धुऊन काढण्याचा योग गेल्या पौषात आला. आमच्या मंडळाने एका रविवारी एक दिवसाची सहल आखली. सकाळी भुवनगिरीचा चढ, दुपारी पोचमपल्ली आणि दिवेलागणीला घरी परत. बरोबर गावातलाच एक माहीतगार वाटाड्या. वीस-बावीस माणसे जमली. आम्ही, आमच्या सौ., तेरा वर्षांची धाकटी कन्या आणि आमच्या आत्याबाई असे चौघे त्यांत होतो.

आत्याबाईंनी नुकतीच पंचाहत्तरी ओलांडली आहे. आयुष्यभर त्यांनी मराठी शाळेत भूगोल शिकविला. १९६४ साली आठवीत असताना मुलींच्या सहलीबरोबर आपण हा खडक चढलो, वरच्या कुंडातले पाणी ओंजळीने प्यालो, ही हकीकत आम्ही लहानपणापासून ऐकत आलो आहोत. ‘ते कुंड एकदा पुन्हा पाहायचे आहे,’ असे त्या म्हणाल्या, तेव्हा नाही म्हणण्याचा धीर कोणाला झाला नाही. डॉक्टरांनी ‘झेपेल तेवढे चढा’ असे सांगितले होते. त्यातले ‘चढा’ आम्ही ऐकले; ‘झेपेल तेवढे’ मात्र कानांवरून गेले.

निघायचे होते सकाळी सहाला. प्रत्यक्षात गाडी हलली ती साडेसातला. दोष गाडीवाल्याचा नव्हे, आमचाच. कोणाचा थर्मास राहिला, कोणाच्या घरचे पोहे व्हायचे होते, आणि सर्वांत उशिरा आलेले कुटुंब कोणते हे येथे न लिहिलेलेच बरे. उप्पल, घटकेसर, बीबीनगर अशी गावे मागे पडली आणि नऊ वाजून गेल्यावर तो खडक समोर आला.

वाटेत आत्याबाईंनी एक धडा घेतलाच. सह्याद्री हा लाव्हारसाच्या थरांनी रचलेला. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थरावर थर साचले, म्हणून त्याचे कडे पायऱ्यापायऱ्यांचे. मध्ये माची लागते, दम घ्यायला सपाटी मिळते. हैदराबादच्या पश्चिमेला विकाराबादच्या आसपास तो काळा पाषाण संपतो. आपल्या भोवतीचा खडक हा ग्रॅनाइट, सुमारे अडीचशे कोटी वर्षांचा. तो जमिनीच्या पोटात खोलवर थिजला. वरचे ओझे युगानुयुगे झिजून गेले, तसा दाब कमी झाला आणि खडकाचे कांद्यासारखे पापुद्रे सुटू लागले. म्हणून येथले डोंगर गोल, गुळगुळीत आणि एकसंध. ‘सह्याद्रीवर कडा कोठे आहे ते दुरून दिसते. येथे उतार कोठे संपला आणि कडा कोठे सुरू झाला, हे पायाला कळत नाही. म्हणून कठडा सोडायचा नाही,’ असे सांगून त्यांनी धडा संपविला.

पायथ्याशी वाटाड्या उभाच होता. पंचविशीतला तरुण. आमच्याशी दखनीत बोले, कन्येशी तेलुगूत. आमची कन्या तेलुगू अशी सफाईने बोलते की ऐकणाऱ्याने तिला मराठी म्हणू नये. घरात मराठी तिला समजते सारे, पण उत्तर येते ते शाळेच्या भाषेत. आत्याबाई यावर कधी काही बोलत नाहीत. त्यांच्या हाताखालून शेकडो मुले मराठी शिकून गेली आणि स्वतःच्या घरातले एकही मूल गेले नाही, हे त्यांना ठाऊक आहे; आम्हांलाही आहे.

किल्ल्याची कथा वाटाड्याने पहिल्या दरवाजातच सांगितली. कल्याणीचा चालुक्य सम्राट सहावा विक्रमादित्य याने हा दुर्ग उभारला असे मानतात. त्याचे बिरुद ‘त्रिभुवनमल्ल’, म्हणून गड त्रिभुवनगिरी, पुढे भुवनगिरी आणि निजामाच्या अमलात भोनगीर. ही कल्याणी म्हणजे आपले बसवकल्याण. १०७६ ते ११२६ अशी पन्नास वर्षे राज्य केलेल्या या राजाच्या पदरी काश्मीरहून आलेला कवी बिल्हण होता. वारसाहक्काचे निवाडे बंगाल वगळता बहुतेक देशभर जिच्या आधारे होत आले, ती ‘मिताक्षरा’ लिहिणारा विज्ञानेश्वर याच राजाच्या काळातला. म्हणजे ज्या राजाचे नाव आम्ही बसवकल्याणात अभिमानाने घेतो, त्याचाच हा खडक. आणि आम्ही आजवर तो परका मानला!

चढ सुरू झाला. काही पायऱ्या बांधीव, काही खडकातच खोदलेल्या. दरवाजा असा आडवळणी की खाली उभे राहणाऱ्याला वाट दिसू नये. पहिला दरवाजा मागे पडला की पायऱ्या विरळ होतात आणि खडकाच्या उघड्या पाठीवरून तिरकी वाट निघते. एका अंगाला वर चढत गेलेली शिळा आणि दुसऱ्या अंगाला लोखंडी कठडा. कठड्यापलीकडे दगड हळूहळू वाकत जातो आणि मग एकाएकी दिसेनासा होतो. त्याच्या खाली घरांची छपरे आणि काड्यापेटीएवढ्या मोटारी. वारा अंगावर आला की हात आपोआप कठड्यावर घट्ट होतो.

थोड्या अंतरावर दहा-बारा मुले कमरेला दोर बांधून त्याच खडकावर पालीसारखी चिकटलेली दिसली. येथे गिर्यारोहणाचे शिक्षण देणारी शाळा आहे. वाटाड्याने कन्येला जे सांगितले ते तिने आम्हांला अर्धे मराठीत, अर्धे इंग्रजीत सांगितले. निजामाबाद जिल्ह्यातली मालावत पूर्णा ही समाजकल्याण खात्याच्या निवासी शाळेतली मुलगी प्रथम याच खडकावर दोर धरायला शिकली आणि २५ मे २०१४ रोजी एव्हरेस्टच्या माथ्यावर पोचली. वय तेरा वर्षे अकरा महिने. बरोबर आनंदकुमार हा तिच्याहून थोडा मोठा मुलगा होता. ‘म्हणजे माझ्याएवढीच,’ असे म्हणून कन्या पुढे निघाली. तोवर ती सर्वांच्या मागून, फुरंगटून चालत होती.

दुसऱ्या दरवाजापाशी आत्याबाई थांबल्या. पुढची वाट अधिक उभी होती आणि दहा वाजून गेले होते. पौषातले ऊन म्हणून कौतुक करावे, तर ग्रॅनाइट तापू लागला होता. वरून ऊन आणि खालून धग. आत्याबाईंचा चेहरा लाल झाला होता, गुडघा धरून त्या उभ्या होत्या. आणि येथे आम्ही चुकलो. ‘आता अर्धेच उरले आहे, आम्ही दोघे दोन बाजूंनी धरतो,’ असे आम्ही म्हणालो. साठ वर्षांची हौस अर्ध्या वाटेवर राहू नये एवढेच मनात होते. आत्याबाईंनी एक पाऊल टाकलेही.

वाटाड्या आडवा आला. हात जोडून, पण ठाम स्वरात तो म्हणाला, ‘अम्मा, चढ तो जातें आप. उतरना मुश्किल होता. मैं नक्को बोलताऊँ.’ आम्ही थोडे चिडलो. पैसे आम्ही दिले, जबाबदारी आमची, असे काहीबाही बोलून गेलो. तो चिडला नाही. चढताना दम लागतो, उतरताना सारा भार गुडघ्यावर येतो आणि गुळगुळीत दगडावर एक गुडघा मुडपला की धरणारेही बरोबर जातात, एवढेच त्याने सांगितले. मग आत्याबाईच म्हणाल्या, ‘अरे, तो बरोबर सांगतो आहे. धडा मी दिला आणि मीच विसरत होते. तुम्ही जा. मी येथे सावलीत बसते.’

दरवाजाच्या कमानीखाली दगडी कट्टा होता. सौ. त्यांच्याजवळ थांबल्या. आम्ही निघणार तोच आत्याबाईंनी कन्येला हाक मारली. ‘वर कुंड आहे. पाहून ये आणि मला सांग.’ कोणत्या भाषेत, ते त्यांनी सांगितले नाही.

वरचा चढ आम्ही मुकाट्याने चढलो. माथ्यावर कमानींचा पडका महाल आहे आणि पावसाचे पाणी साठविण्यासाठी खडकात खोदलेली कुंडे आहेत. चहूकडे सपाट प्रदेश, भातखाचरे, मधूनमधून तळी आणि या खडकाच्या भाऊबंदांसारखे गोल डोंगर. आगगाडीचा मार्ग रेघेसारखा दिसत होता. आजवर आम्ही त्या रेघेवरून इकडे पाहत होतो.

वाटाड्याने येथे सर्वाई पापण्णाची गोष्ट सांगितली. ताडी काढणाऱ्या समाजातल्या या माणसाने मोगली सत्तेला आव्हान दिले, १७०८ साली वरंगळवर आणि पाठोपाठ या भोनगिरीवर छापे घातले आणि १७१० साली तो मारला गेला. त्याची गीते तेलंगणात अजून गातात. मग खालच्या गावाकडे बोट दाखवून तो म्हणाला, १९४४ साली आंध्र महासभेचे अधिवेशन या गावी रावी नारायण रेड्डींच्या अध्यक्षतेखाली भरले. त्यात डावे आणि मवाळ असे दोन तट पडले आणि जमीनदारांविरुद्धच्या सशस्त्र लढ्याची वाट तेथून पुढे सरकली. हे ऐकताना आमची कन्या मात्र कुंडाच्या काठी ओणवी होऊन बसली होती.

उतरताना वाटाड्याचे म्हणणे गुडघ्यांनी पटविले. निम्मी वाट आम्ही तिरके पाय टाकीत, कठडा धरून उतरलो. एके जागी आमचा बूट हातभर घसरला आणि छातीत धस्स झाले. आत्याबाईंना धरून येथे आलो असतो तर, हा विचार मनात आला आणि तो अजूनही रात्री मधूनच येतो. खाली पोचल्यावर त्या तरुणाची आम्ही क्षमा मागितली. ‘हौ साब, होता,’ म्हणून तो हसला.

कन्या आत्याबाईंच्या शेजारी बसून सांगत होती. ‘आजी, पाणी आहे. हिरवं झालंय. चारी बाजूंनी रॉक कापलाय, स्टेप्ससारखा. दगड इतका तापला होता की हात नाही ठेवता येत, पण पाणी एकदम चल्लगा, म्हणजे गार.’ व्याकरणाच्या बारीकशा चुकीसाठी आम्हांला शंभर वेळा वाक्य लिहायला लावणाऱ्या आत्याबाईंनी एकही शब्द सुधारला नाही. ‘तेव्हाही गारच होतं,’ एवढेच त्या म्हणाल्या. आणि मग पुढे, ‘आणखी काय पाहिलंस?’

दुपारी पोचमपल्लीला गेलो. उभे-आडवे धागे आधी बांधून, रंगवून मग माग चालविणाऱ्या विणकरांचे हे गाव. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने २०२१ साली जगातील उत्तम पर्यटन-ग्रामांत त्याची निवड केली. पण मराठी माणसाने येथे थांबायचे ते विनोबांच्या स्मारकापाशी. कुलाबा जिल्ह्यातल्या गागोद्याला जन्मलेले विनोबा १९५१ साली वर्ध्याहून पायी शिवरामपल्लीच्या सर्वोदय संमेलनाला आले. लढ्याने होरपळलेल्या तेलंगणातून चालत १८ एप्रिलला ते या गावी पोचले. येथल्या हरिजनांनी ८० एकर जमीन मिळावी अशी मागणी केली आणि वेदिरे रामचंद्र रेड्डी यांनी तेथेच १०० एकर देऊ केली. भूदानाचा आरंभ तो. खडकावरून पाहिलेल्या १९४४ च्या वाटेचे दुसरे टोक आम्हांला येथे सापडले. हे सारे आत्याबाईंनी सांगितले, वाटाड्याने ऐकले आणि कन्येने अडल्या जागी तेलुगूत करून दिले.

जाऊ इच्छिणाऱ्यांसाठी दोन शब्द. कार्तिक ते माघ हा काळ उत्तम. पावसात खडक निसरडा होतो, तेव्हा जाऊ नये. पाणी भरपूर घ्यावे, बुटांचे तळ खरखरीत असावेत, आणि उन्हाच्या आधी चढून उतरावे. वाटाड्या ‘नको’ म्हणाला तर त्याच्याशी वाद घालू नये.

मंडळाच्या वहीत पुढल्या पौषातील सहल नोंदवून झाली आहे. आत्याबाईंचे नाव त्यात आहे आणि त्यापुढे ‘दुसऱ्या दरवाजापर्यंत’ असे लिहिले आहे. निघण्याची वेळ सकाळी सहा. त्याखाली त्यांनी लाल शाईची रेघ ओढली आहे.