पिठाचें नांव

युक्रेनमधील खेड्यांत आणि लहान शहरांत युक्रेनियन व रशियन यांची जी मिश्र बोली ऐकूं येते तिला 'सुर्झिक' म्हणतात. हें नांव मूळचें जात्यावरचें. गव्हांत राय, जव असें हलकें धान्य मिसळून दळलेलें पीठ म्हणजे सुर्झिक. शेजारच्या बेलारूसमध्यें अशाच बोलीस 'त्रास्यांका' म्हणतात. गवतांत पेंढा मिसळून गुरांपुढें टाकतात ती वैरण. नांवें ठेवणाऱ्यांनीं तीं तुच्छतेनेंच ठेविलीं, तरी मला तीं आवडतात. टंचाईंत माणसें त्याच पिठाची भाकरी खातात आणि गुरें त्याच वैरणीवर जगतात. आपण मराठी लोक अशा भाषेस 'धेडगुजरी' म्हणतों. त्यांत तर एका जातीचा उपमर्दच गोंविलेला आहे. त्यापेक्षां पीठ बरें!

ह्या भाषा इतक्या सख्ख्या, कीं एकींतून दुसरींत पाय केव्हां पडला तें बोलणाऱ्यास कळतही नाहीं. 'त्याला समजतें' हें रशियन भाषेंत 'पनिमायेत', युक्रेनियन भाषेंत 'रोझुमीये'. सुर्झिक बोलणारा म्हणतो 'पोनिमाये': धातु रशियन, प्रत्यय युक्रेनियन. निबंध तपासण्यांत केस पिकलेल्या माझ्यासारख्याची तांबडी पेन्सिल येथें आपोआप वळवळूं लागते. पण खूण करावयाची ती शब्दाच्या कोणत्या अर्ध्यावर?

ही सरमिसळ आळसानें झाली नाहीं. झारशाहीनें 1863 सालच्या परिपत्रकानें व 1876 सालच्या फर्मानानें युक्रेनियन छपाईवर बंधनें घातलीं. कचेरींत, पलटणींत, पुढें कारखान्यांत मान रशियनचाच. खेड्यांतून आलेला माणूस ती अर्धीमुर्धी उचली, आणि घरची कांहीं सुटत नसे. 1883 सालीं स्तारीत्स्की यांनीं 'दोन सशांमागें' ह्या प्रहसनांत एका दिवाळखोर न्हाव्याच्या तोंडीं असली ऐटबाज खिचडी घालून प्रेक्षकांस हंसविलें. तें हंसूं रास्त होतें. तो दिमाखासाठीं बोले.

2022 सालच्या आक्रमणानंतर मात्र हंसणें जड जातें. जन्मभर रशियन बोललेलीं अनेक माणसें निश्चयानें युक्रेनियनकडे वळलीं. त्यांतील कित्येकांच्या तोंडून आरंभीं सुर्झिकच बाहेर पडावी हें अपरिहार्य होतें. अशास चारचौघांत 'अशुद्ध' म्हणून टोकलें, तर तो गप्प बसेल, नाहीं तर मुकाट्यानें रशियनकडे परतेल. शुद्धतेच्या कैवाऱ्यांस ह्या दोहोंपैकीं काय हवें आहे? माझ्या वर्गांत असा विद्यार्थी असता तर पहिल्या सत्रांत त्याची वही मीं तपासावयास मागितलीच नसती. त्याला नुसतें बोलूं दिलें असतें.