सगळ्यावर टिक कर

"दादा, गेम अडकतोय."

जुलै २०२० मधली रात्र. मी पुण्यात भाड्याच्या खोलीत, मांडीवर कंपनीचा लॅपटॉप, आणि फोनवर श्रीवर्धन तालुक्यातल्या आमच्या गावातून धाकटा चुलतभाऊ. तो त्या वर्षीच्या दहावीच्या बॅचचा, ज्यांचा भूगोलाचा पेपर लॉकडाऊनमुळे रद्द झाला. ३ जूनला निसर्ग चक्रीवादळ आलं आणि आमच्या आळीतली वीज गेली, ती महिन्याभराने आली. वीज आल्यावर त्याने सगळ्यात आधी फोन चार्ज केला आणि मग लॅपटॉप उघडून जीटीए फाइव्ह लावला. लॅपटॉप माझाच, कॉलेजातला जुना. गेम मित्राच्या हार्डडिस्कवरून आणलेला.

"अडकतोय म्हणजे?"

"पहिली दहा मिनिटं मस्त चालतो. मग गाडी वळवली की चित्र थांबतं, आवाज पुढे जातो."

हे वाक्य मी ऐकलं आणि सोडून दिलं. आज कोणी माझ्याकडे असा बग रिपोर्ट पाठवला तर मी त्याचे आभार मानेन. 'पहिली दहा मिनिटं मस्त' यातच उत्तर होतं. पण मला उत्तर आधीच माहीत होतं. मला ते बाराव्या वर्षापासून माहीत होतं.

आमच्या घरी पहिला कॉम्प्युटर २००८ मध्ये आला. ८० जीबीची हार्डडिस्क, ५१२ एमबी रॅम, विंडोज एक्सपी. त्यावर मी व्हाइस सिटी खेळायचो आणि दर दोन महिन्यांनी ते रखडायला लागायचं. मग म्हसळ्याहून एक दादा मोटरसायकलवर यायचे. ते रनची चौकट उघडून टक्क्याच्या दोन चिन्हांच्या मध्ये टेम्प असं टाइप करायचे. एक फोल्डर उघडायचा, त्यात विचित्र नावांच्या शेकडो फायली. सगळ्या सिलेक्ट करून डिलीट. मग प्रीफेच नावाचा फोल्डर, तोही रिकामा. मग रीस्टार्ट, एक कप चहा आणि दोनशे रुपये. कॉम्प्युटर खरंच हलका झाल्यासारखा वाटायचा. तिसऱ्या खेपेला मी त्यांच्या मागे उभा राहून सगळं पाठ केलं. चौथ्या खेपेला त्यांना बोलवावंच लागलं नाही.

तेव्हापासून मी आळीतला कॉम्प्युटरवाला. कोणाचं प्रिंटर अडकलं, कोणाचा निकाल उघडत नाही, कोणाचा गेम हळू चालतो, तर मला बोलावणं. सगळ्यावर माझं पहिलं औषध एकच: टेम्प साफ करा. पुढे लोणेऱ्याला इंजिनीअरिंगला गेलो, ऑपरेटिंग सिस्टिमचा पेपर बऱ्या मार्कांनी पास झालो, नोकरी लागली. औषध बदललं नाही.

टेम्प म्हणजे काय, हे थोडक्यात सांगतो. एखादा प्रोग्रॅम काम करताना मध्येच काही लिहून ठेवतो. इन्स्टॉलर स्वतःच्या फायली तिथे सोडतो, झिप उघडताना आतला माल तिथे पसरतो. काम झालं की त्याने आपला पसारा आवरावा अशी अपेक्षा असते. बरेच प्रोग्रॅम आवरत नाहीत. लग्न उरकल्यावर मांडवातल्या खुर्च्या तशाच राहाव्यात, तसं. त्या खुर्च्या जागा खातात. पण तुम्ही घरात पंखा लावून झोपलात तर त्यांच्यामुळे पंखा हळू फिरत नाही.

टेम्प साफ केल्याने गेम सुधारतो तो मुख्यतः एका परिस्थितीत: सी ड्राइव्ह गळ्यापर्यंत भरलेला असेल तर. रॅम कमी पडली की विंडोज डिस्कचा तुकडा रॅमसारखा वापरतं आणि त्याला मोकळी जागा लागते. आमच्या ८० जीबीवाल्या कॉम्प्युटरचं हेच होत असणार, म्हणून म्हसळ्याच्या दादांचा गुण यायचा. प्रीफेचचं तर उलटंच आहे. प्रोग्रॅम लवकर सुरू व्हावा म्हणून विंडोजने काढून ठेवलेली ती टिपणं. ती पुसली की पुढच्या वेळी प्रोग्रॅम उशिराच उघडतो. शेडर कॅशेचंही तेच. ग्राफिक्सचा एकदा तयार केलेला माल तिथे साठवलेला असतो. तो बिघडला असेल तर पुसावा, पण नुसताच पुसला तर गेमला तो पुन्हा तयार करावा लागतो आणि पहिल्या खेळात जास्तच झटके बसतात.

हे सगळं मला त्या रात्रीही सांगता आलं असतं. पण माझं बिल्ड फेल झालं होतं, टीम लीडचे मेसेज येत होते, आणि गावच्या नेटवर्कवर फोन कधीही कटला असता. मी म्हणालो, "सर्चमध्ये डिस्क क्लीनअप टाक. सी ड्राइव्ह निवड. यादी येईल."

"आली. कशाकशावर टिक करू?"

"सगळ्यावर टिक कर आणि ओके दे."

"सगळ्यावर?"

"अरे हो, कचराच असतो तो."

त्याने केलं. अर्ध्या तासाने मेसेज आला: '५ जीबी मोकळी झाली. गेम अजून अडकतोय.' मी अंगठा पाठवला आणि झोपलो.

आता वादळाच्या दिवसाकडे जातो, कारण ते पाच जीबी काय होते ते तिथे आहे.

३ जूनच्या दुपारी निसर्ग अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर आलं. श्रीवर्धन, दिवेआगर, मुरूड, सगळा पट्टा त्याच्या वाटेत. आमच्याकडे नारळ-सुपारीच्या वाड्या आहेत. श्रीवर्धनची रोठा सुपारी नावाजलेली, पण पोफळ हे झाड बारीक खोडाचं आणि उंच. एक पडली की शेजारच्या दोघींना घेऊन पडते. काकांची वाडी बारा गुंठ्यांची, त्यात पावणेदोनशे पोफळी आणि अकरा माड. दुसऱ्या दिवशी सकाळी काका वाडीत गेले तेव्हा विहिरीपर्यंत जायला वाट नव्हती.

भरपाई जाहीर झाली ती हेक्टरी, बागायतीला पन्नास हजार. आमच्याकडे वाडी गुंठ्यांत मोजतात. हेक्टरी पन्नास हजार म्हणजे गुंठ्याला साधारण पाचशे. बारा गुंठ्यांचे सहा हजार. पोफळ लावल्यापासून धरायला सहा-सात वर्षं लागतात. त्यामुळे पैसे झाडामागे द्या, अशी मागणी गावोगाव चालली होती. काकांच्या डोक्यात एकच होतं: झाडामागे ठरलं तर झाडांचा आकडा दाखवावा लागेल आणि तोवर ही खोडं अशीच ठेवता येणार नाहीत. म्हणून त्यांनी पडलेल्या प्रत्येक झाडावर चुन्याने नंबर घातला आणि प्रत्येक नंबराचा फोटो काढला. १ ते १३१. नंतर माणसं लावून खोडं तोडली आणि वाट मोकळी केली.

काकांचा फोन १६ जीबीचा. शंभराव्या झाडाच्या आसपास 'स्टोरेज फुल' आलं. धाकट्याने मग ते फोटो केबलने लॅपटॉपवर घेतले, फोनमधले काढून टाकले, उरलेले फोटो काढले, तेही घेतले. 'वादळ' नावाचा फोल्डर केला आणि डाउनलोड्समध्ये ठेवला. डाउनलोड्समध्येच का? त्याच्या लेखी लॅपटॉपवर वस्तू ठेवायची जागा तीच. गाणी, गेम, शाळेचे पीडीएफ, सगळं तिथे.

आता त्या यादीबद्दल. विंडोज १० मध्ये, २०१८ च्या ऑक्टोबर अपडेटपासून, डिस्क क्लीनअपच्या यादीत डाउनलोड्स फोल्डरचीही एक ओळ दिसायची. २०२० च्या मे अपडेटमध्ये ती काढली गेली, पण त्या लॅपटॉपवर ते अपडेट पोचलेलं नव्हतं. यात त्या प्रोग्रॅमला दोष देता येत नाही. त्या ओळीवर आपोआप टिक नव्हती आणि ती निवडली की खाली वर्णन दिसायचं. टिक मी लावायला सांगितली. असं पुसलेलं रीसायकल बिनमध्येही जात नाही. यादीतच थंबनेल्स अशीही एक ओळ होती, म्हणजे विंडोजने करून ठेवलेल्या फोटोंच्या बारीक प्रती. त्या तरी उरल्या असत्या. पण सगळ्यावर म्हणजे सगळ्यावर.

आठवड्याभराने काकांना अर्जासोबत फोटो जोडायचे होते. धाकट्याने फोल्डर शोधला. मग मला फोन केला. तेव्हा तो आत माजघरात होता आणि हळू आवाजात बोलत होता.

"दादा, डाउनलोड्स रिकामं आहे."

मला तेव्हाच कळलं. सगळं एकदम डोळ्यांपुढे आलं. मी म्हणालो, "लॅपटॉप बंद कर. काहीही कॉपी करू नकोस. बिलकूल वापरू नकोस." तेवढ्यात मागून काकांचा आवाज आला, फोन स्पीकरवर गेला. काका चिडले होते. गेमपायी बापाचे फोटो पुसलेस, मोबाइल नि लॅपटॉप दोन्ही काढून घेतो, असं बरंच. धाकटा गप्प होता. मी सांगायला सांगितलं, हे तो म्हणाला नाही. मीही म्हणालो नाही. मी म्हणालो, "काका, मी आलो की बघतो. परत आणता येतात." आळीतला कॉम्प्युटरवाला बोलत होता.

त्या वेळी जिल्ह्याबाहेर जायला ई-पास लागायचा. सप्टेंबरच्या २ तारखेपासून ती अट गेली आणि त्या आठवड्यातच मी गावी पोचलो. ताम्हिणीतून उतरताना माणगावपर्यंत मी काय बोलायचं ते जुळवत होतो.

फाइल डिलीट केली की डिस्कवरचा मजकूर लगेच जात नाही. फक्त 'ही जागा मोकळी आहे' अशी नोंद होते, आणि दुसरं काही त्या जागेवर लिहिलं जाईपर्यंत जुनं तिथेच असतं. हे जुन्या हार्डडिस्कचं. नव्या एसएसडीवर मोकळी झालेली जागा बहुतेक वेळा आतूनच लवकर पुसली जाते. लॅपटॉप जुना होता हे नशीब. पण मी फोन ठेवून झोपलो त्या रात्रीपासून फोटो शोधेपर्यंतच्या आठवड्यात धाकट्याने गेमचं सेव्ह, दोन सिनेमे आणि मित्राकडची गाणी त्यावर टाकली होती. मी फोटोरेक नावाचा प्रोग्रॅम रात्रभर चालवला. तो नावं सोडून देतो, फक्त फोटोसारखं दिसणारं उचलतो. सकाळी ७४ फोटो मिळाले. त्यांतले तीसेक वरून नीट आणि खाली नुसते करडे. नंबर बुंध्यावर घातलेला, फोटोच्या खालच्या भागात. म्हणजे पडलेली पोफळ दिसते, तिचा नंबर दिसत नाही.

ओटीवर काकांना ते दाखवले. एकेक फोटो बघत ते म्हणायचे, "ही विहिरीकडची. ही बांधावरची, आजोबांनी लावलेली." नंबर नसलेलीही ओळखत होते. मग मी म्हणालो, "काका, त्याला मीच सांगितलं होतं सगळ्यावर टिक कर म्हणून. त्याने मला दोनदा विचारलं होतं."

काका थोडा वेळ फोटोच बघत राहिले. मग म्हणाले, "फोनवर का नाही बोललास?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्यांनीही पुन्हा विचारलं नाही. संध्याकाळी त्यांनी धाकट्याला हाक मारून त्याचा मोबाइल परत दिला. अर्ज आधीच गेला होता, हाताने लिहिलेल्या यादीवर आणि शेजारच्या दोघांच्या सह्यांवर. फोटो असते तर काय फरक पडला असता, कुणी सांगू शकत नाही. पण दोन महिने तो मुलगा घरात चोरासारखा वावरला, आणि ते मी थांबवू शकत होतो.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघांनी लॅपटॉपचं खालचं झाकण उघडलं. पंख्याच्या तोंडाशी जाड नमद्यासारखा थर होता: सहा वर्षांची धूळ, केस, वर खाऱ्या हवेचा चिकटा. हवा बाहेर पडायला वाटच नव्हती. गेम सुरू केला की दहा मिनिटांत प्रोसेसर तापायचा, आणि तापला की स्वतःला वाचवायला स्वतःच वेग कमी करायचा. म्हणून चित्र थांबायचं. टेम्पचा काही संबंध नव्हता. ब्रशने साफ केलं, श्रीवर्धनात थर्मल पेस्ट मिळाली नाही म्हणून ती पुढच्या खेपेला लावली. नुसत्या ब्रशनेही गेम तासभर न अडकता चालला. धाकटा खेळत होता, मी बाजूला बसून तापमानाचा आकडा बघत होतो. "मी सांगितलं होतं ना," तो स्क्रीनवरून नजर न काढता म्हणाला, "पहिली दहा मिनिटं मस्त चालतो."

आता कोणी गेम अडकतोय म्हणालं की मी आधी विचारतो: सुरुवातीपासून की थोड्या वेळाने? चार्जर लावून की काढून? सी ड्राइव्हमध्ये जागा किती? जागा उरली नसेल तर टेम्प नक्की साफ करा. चालू असलेल्या प्रोग्रॅमच्या फायली विंडोज पुसू देत नाही, त्या सोडून द्या. पण यादीतली प्रत्येक ओळ वाचा. फोनवरही तेच. 'क्लिअर कॅशे' आणि 'क्लिअर डेटा' ही बटणं शेजारी शेजारी असतात. पहिल्याने पसारा जातो, दुसऱ्याने घर. आणि दुसऱ्याचा फोन साफ करत असाल तर ज्याचा आहे त्याला शेजारी बसवा. कचरा कोणता, हे त्यालाच माहीत असतं.

काकांनी त्या पावसाळ्यानंतर नव्या पोफळी लावल्या. आता त्या माझ्या डोक्यावर गेल्या आहेत. ते ७४ फोटो मी तीन ठिकाणी ठेवले आहेत, त्यातले एक माझ्या फोनवर. मधूनमधून फोन विचारतो: जागा कमी आहे, हे जुने फोटो काढून टाकायचे का? दर वेळी मी यादी उघडतो आणि एकेक ओळ वाचतो.