दिग्दर्शकाचा छायालेखक झाला तेव्हा

१९३३ साली पॅरिसमध्ये हौशी चित्रपटकारांची आंतरराष्ट्रीय स्पर्धा झाली, तेव्हा परीक्षकांत साक्षात लुई ल्युमिएर होता. ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ज्यांची हलती चित्रं दाखवली गेली, त्या दोन भावांपैकी धाकटा. बक्षीस घेऊन गेलेल्यांत झाग्रेबचा एक तिशीतला तरुण होता, ओक्तावियान मिलेतिच. त्याच्या लघुपटाचं नाव ‘पोस्लोवी कोन्झुला दोर्गेना’, म्हणजे कॉन्सुल दोर्गेनचे उद्योग. गुन्हेपटांची यथेच्छ टिंगल करणारा हा मूकपट. क्रोएशिया तेव्हा युगोस्लाव्हियाच्या राजवटीत होता आणि तिथे कथापटांचा धंदा म्हणावा असा धंदाच नव्हता. त्यामुळे ज्याला सिनेमा करायचाच होता, त्याने तो पदरमोड करून, दोस्तमंडळींना उभं करून करायचा.

मिलेतिच (१९०२–१९८७) शिकला तो ९.५ मिलिमीटरच्या फिल्मवर. आजच्या पोरांना हा प्रकार सांगावा लागतो. पाथे कंपनीने १९२२ मध्ये घरगुती प्रोजेक्टर काढला, पाठोपाठ मुठीत मावेलसा कॅमेरा. या फिल्मची छिद्रं कडेला नाहीत, दोन चौकटींच्या बरोबर मधोमध आहेत. कडा मोकळ्या राहिल्याने चित्राला जवळजवळ पूर्ण रुंदी मिळते, आणि एवढ्याशा पट्टीच्या मानाने चित्र चांगलं भरघोस दिसतं. तोटाही तिथेच. फिल्म ओढणारा आकडा जरा चुकला की ओरखडा काठावर उठत नाही, थेट नायकाच्या नाकावरून जातो. त्यात हौशी लोक वापरत ती रिव्हर्सल फिल्म, म्हणजे कॅमेऱ्यात घातलेली पट्टीच धुऊन पडद्यावर जाणार. प्रकाश जास्त पडला तर चेहरा पांढराफटक, कमी पडला तर डांबर. मागाहून प्रिंट काढताना सावरून घेण्याची सोय नाही. असल्या तालमीतून निघालेला माणूस प्रकाश मोजायला शिकतो तो कायमचा.

पुढच्या चार-पाच वर्षांत त्याने बरंच काही करून पाहिलं. १९३४ मध्ये झाग्रेब शहरावर माहितीपट केला, १९३५ मध्ये ‘नॉक्टुर्नो’. १९३७ चा ‘शेशिर’ हा क्रोएशियातला पहिला बोलका लघुकथापट मानतात.

मग युद्ध आलं. १९४१ मध्ये नाझी जर्मनी आणि इटलीच्या आशीर्वादाने झाग्रेबला उस्ताशा या क्रोएशियन फॅसिस्ट संघटनेचं राज्य बसलं. वांशिक कत्तली आणि छळछावण्या चालवणारं हे राज्य सिनेमाचं महत्त्व मात्र पुरतं ओळखून होतं. त्याने सरकारी चित्रसंस्था उभी केली, आणि हौशी मिलेतिचच्या हाती पहिल्यांदा खरीखुरी यंत्रणा आली. तिथेच १९४४ मध्ये क्रोएशियाचा पहिला बोलका पूर्ण लांबीचा कथापट झाला: ‘लिसिन्स्की’. नायक व्हात्रोस्लाव लिसिन्स्की, १८४६ मध्ये रंगमंचावर आलेल्या पहिल्या क्रोएशियन ऑपेराचा संगीतकार. हा माणूस १८५४ मध्ये, पस्तिशीही न गाठता उपेक्षेत गेला. चित्रपटाचा अभिनय नाटकी वळणाचा आहे आणि कथा मधेमधे ताटकळते. उघड प्रचार त्यात जवळपास नाही. पण राष्ट्रीय संगीतकाराचं चरित्र कुठल्या राज्याला, कुठल्या वर्षी हवं होतं हे नजरेआड करून तो पाहता येत नाही. मिलेतिचच्या चाहत्यांनी हा भाग घाईघाईने उरकू नये, असं मला वाटतं.

वर्षभरात राज्य कोसळलं. कम्युनिस्ट पार्टिझान सैनिक सत्तेवर आले, १९४६ मध्ये यादरान फिल्म ही नवी संस्था स्थापन झाली. नव्या सत्तेला कॅमेरा चालवणारी जाणती माणसं हवी होती, आणि ती बोटावर मोजण्याइतकीच होती. मिलेतिचला काम मिळालं, पण पूर्ण लांबीचा कथापट दिग्दर्शित करायला पुन्हा मिळाला नाही. युद्धानंतरचा पहिला क्रोएशियन कथापट ‘झिव्येत चे ओवाय नारोद’ (१९४७) पार्टिझानांच्या लढ्याचा. दिग्दर्शक निकोला पोपोविच, कॅमेऱ्यावर मिलेतिच. तीन वर्षांत एकच माणूस दोन टोकांच्या राजवटींच्या ‘पहिल्या’ चित्रपटांवर हजर!

कॅमेऱ्यामागच्या मिलेतिचची कमाल बघायची तर ब्रांको बेलानचा ‘कोन्चेर्त’ (१९५४) बघावा. पटकथा व्लादान देस्नित्सा या कादंबरीकाराची. एक पियानो, त्याच्याभोवती झुरत गेलेली एमा आणि मधून वाहून गेलेली कित्येक दशकं. इथे काळ बदलतो तो आधी प्रकाशात. श्रीमंत घरातल्या खोल सावल्या, पियानोच्या काळ्या लाकडावरची चमक, चेहऱ्याचा अर्धाच उजळलेला भाग; पात्र काय गमावतंय हे संवादाच्या आधी दिवे सांगून मोकळे होतात. त्या काळच्या समीक्षकांना तो फारसा पचला नाही. बेलानला त्यानंतर आणखी एकच कथापट करता आला. आज मात्र ‘कोन्चेर्त’ क्रोएशियाच्या उत्तम चित्रपटांत धरला जातो. माझ्या मते मिलेतिचमधला दिग्दर्शक ‘लिसिन्स्की’पेक्षा इथे जास्त दिसतो, आणि श्रेयनामावलीत त्याचं नाव फक्त छायालेखक म्हणून आहे.

झाग्रेबमध्येच उलटा प्रवासही झाला. निकोला तान्होफर (१९२६–१९९८) कॅमेऱ्यामागून दिग्दर्शनाकडे गेला आणि १९५८ मध्ये त्याने ‘एच-८’ केला. बस आणि ट्रकच्या खऱ्या अपघातावर बेतलेला हा चित्रपट शेवट सुरुवातीलाच सांगून टाकतो. कोणत्या आसनांवरचे प्रवासी मरणार हे प्रेक्षकाला ठाऊक, आणि बसमधली माणसं आपली निवांतपणे जागा बदलताहेत. पुला या शहरातल्या चित्रपट महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. तान्होफरने पुढे झाग्रेबच्या नाट्य-चित्रपट अकादमीत छायालेखनाचं शिक्षण उभं केलं, फिल्म छायाचित्रणावर आणि रंगावर पुस्तकं लिहिली. मिलेतिचच्या मागे पुस्तक नाही, नाव मात्र उरलं आहे. क्रोएशियन चित्रपट समीक्षक तिथल्या वार्षिक महोत्सवात जे पुरस्कार देतात, त्यांना ‘ओक्तावियान’ म्हणतात, आणि ते मिळवणाऱ्यांत बहुतेक लघुपट नि माहितीपट करणारेच असतात.